थोडक्या खर्चाचा लघुपट आणि त्याचा हिशेब



पत्रिकेत आमचे नाव पाहून कामगार कायद्यांवर काही ऐकावयास मिळेल, अशा समजुतीने जे आले असतील त्यांची प्रथम क्षमा मागतो. चालकांनी विषय निवडण्याची मोकळीक दिली आणि आम्ही चित्रपटाचा विषय घेतला. पण तो तीन तासांचा, नटनट्यांचा आणि कोटींच्या उलाढालीचा चित्रपट नव्हे. पाचदहा मिनिटांचा, खिशातल्या पैशांत बसणारा, काहीतरी नवे करून पाहण्याच्या इच्छेने केलेला लघुपट, एवढाच आजचा विषय आहे.

युनियनच्या माणसाचा यात काय संबंध, असे कोणी विचारील. आमचे शिक्षण आठवीपर्यंत झाले. त्यापुढचे वाचनालयात, एस.टी.च्या प्रवासात आणि कारखान्यांच्या दारांत झाले. आमचे वडील मुंबईस एका गिरणीत साचेखात्यात होते. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला तेव्हा आम्ही बारा वर्षांचे होतो. संप लांबत गेला आणि या बाजूच्या इतर कित्येक कुटुंबांप्रमाणे आमचेही कुटुंब ट्रंक-वळकटी घेऊन कशेडीला परत आले. वडील त्यानंतर दहा वर्षे जगले. आज त्यांचा चालता-बोलता असा एक क्षणही कोठे शिल्लक नाही. गिरणीच्या पासावरचा एक फोटो आहे, त्यावर अर्ध्या चेहऱ्यावर शिक्का बसलेला आहे. कष्ट करणाऱ्या माणसांची चित्रे कोण घेतो, कोणासाठी घेतो आणि कोणाच्या खर्चाने घेतो, हा प्रश्न त्या शिक्क्यापासून आमच्या मनात आहे.

योगायोग असा की, चित्रपटाचा इतिहासच कारखान्याच्या दारात सुरू होतो. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये ल्युमिएर बंधूंनी तिकीट लावून जो खेळ केला, त्यातले एक चित्र लिऑन येथील कारखान्यातून कामगार बाहेर पडतात त्याचे होते. स्त्रिया आहेत, पुरुष आहेत, सायकली आहेत, एक कुत्राही आहे. सारे मिळून जेमतेम पाऊण मिनिट. कारखाना ल्युमिएर यांचाच, कॅमेराही त्यांचाच. ते दृश्य त्यांनी एकाहून अधिक वेळा घेतले. म्हणजे घरी निघालेल्या कामगारांनी दाराबाहेर पडण्याचे कामदेखील मालकासाठी पुन्हा केले. हारून फारोकी नावाच्या जर्मन चित्रपटकाराने १९९५ साली, या घटनेस शंभर वर्षे झाली तेव्हा, कारखान्याच्या दारांतून बाहेर पडणाऱ्या कामगारांची निरनिराळ्या चित्रपटांतली दृश्ये एकत्र जोडून एक वेगळाच चित्रपट केला. त्याने दाखविले ते असे की, कॅमेरा दारापर्यंत सहज येतो, दाराच्या आत क्वचितच जातो. आम्ही तीस वर्षे गेटसभा घेत आलो. हे वाक्य आम्हांला कोणी समजावून सांगावे लागले नाही.

आता आपल्या महाराष्ट्राकडे येऊ. धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजे आपले दादासाहेब फाळके, यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला, हे शाळेतल्या मुलासही ठाऊक असते. त्याच्या आधीची गोष्ट तितकी ठाऊक नसते. १९१२ साली फाळके विलायतेस जाऊन कॅमेरा व इतर सामग्री घेऊन आले. कॅमेरा आला, पण चित्रपट काढण्यास पैसा नव्हता. सावकार म्हणे, आधी दाखवा, मग देतो. फाळके म्हणत, आधी द्या, मग दाखवितो. हा पेच त्यांनी कसा सोडविला? त्यांनी एका कुंडीत वाटाणा पेरला. कुंडीसमोर कॅमेरा पक्का बसविला आणि रोज थोडी थोडी चित्रे घेत सुमारे महिनाभर ते त्या कुंडीशी बसून राहिले. त्या काळी यंत्राचा दांडा हाताने फिरवीत. सेकंदाला सुमारे सोळा चित्रे जात. म्हणजे मिनिटभराच्या चित्रपटास साडेनऊशेच्या वर चित्रे लागतात. इतकी जमली तेव्हा पडद्यावर एक वाटाणा मिनिटभरात मातीतून डोके वर काढून, वेल होऊन, आधार शोधीत वर चढला. 'अंकुराची वाढ' हे त्या लघुपटाचे नाव. तो पाहून भांडवल देणारा मिळाला आणि पुढचा इतिहास घडला.

या गोष्टीचे दोन भाग आहेत. पहिला भाग उत्साहाचा आहे. ना नट, ना शिबंदी, ना राजवाडा; एक कुंडी, एक दाणा आणि महिनाभराची चिकाटी. माणसाच्या डोळ्यास कधीही न दिसणारी गोष्ट, म्हणजे झाडाचे वाढणे, या माणसाने गरिबीतून दाखविली. पैसा असता तर कदाचित त्याला ही युक्ती सुचलीही नसती. प्रयोग म्हणतात तो हा. ज्याचे उत्तर करणाऱ्याला आधी ठाऊक नाही असा प्रश्न घेऊन बसणे, म्हणजे प्रयोग. मोठ्या भांडवलाच्या चित्रपटाला हे परवडत नाही, कारण पैसे लावणाऱ्याला उत्तर आधी हवे असते. थोडक्या खर्चाच्या चित्रपटाला ते परवडते. फसला तर काय बुडाले? एक वाटाणा.

दुसरा भाग हिशेबाचा आहे. तो सांगताना आपण घाई करतो. सरस्वतीबाई फाळक्यांचे दागिने गहाण पडले. कोऱ्या फिल्मच्या कडेला भोके पाडण्याचे काम त्या शिकल्या. फिल्म धुण्याचे काम शिकल्या. पुढे चित्रपट सुरू झाल्यावर सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्यांच्या अंगावर आला. यांपैकी एकाही कामाची मजुरी हिशेबाच्या वहीत चढली नसेल. म्हणूनच तो चित्रपट थोडक्यात झाला. आम्ही युनियनवाले ज्याला फुकटचा ओव्हरटाइम म्हणतो, तो भारतीय चित्रपटाच्या पायात आहे. हे आम्ही दादासाहेबांना उणेपणा आणण्यासाठी सांगत नाही. आजच्या आमच्या बोलण्याचा मुद्दाच तो आहे. चित्रपटाचा खर्च कमी करता येतो असे आपण म्हणतो. वस्तुतः पुष्कळदा तो कमी होत नाही, एकाच्या खिशातून निघून दुसऱ्याच्या अंगावर सरकतो. थोडक्या खर्चाचा चित्रपट करणाऱ्याने तो कोणाच्या अंगावर सरकला हे पाहिले पाहिजे.

फाळक्यांची ती युक्ती पुढेही जिवंत राहिली. तुमच्यापैकी जे पन्नाशीच्या पुढचे आहेत त्यांना आठवेल की, थिएटरात मुख्य खेळाआधी फिल्म्स डिव्हिजनचा लघुपट दाखवीत. १९४८ साली स्थापन झालेली ही सरकारी संस्था २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. तिचा लघुपट सुरू झाला की आम्ही बाहेर विडी ओढावयास जात असू आणि धरणे, कालवे संपले की आत येत असू. त्यामुळे आमचे नुकसान झाले, हे फार उशिरा कळले. त्याच संस्थेत प्रमोद पती नावाचे दिग्दर्शक होते. त्यांनी १९७२ साली आबिद सुरती या चित्रकारांना एका खोलीत घेऊन, एकेक चित्र थांबून थांबून घेत, खोली आणि माणूस दोन्ही रंगांत उड्या मारताना दाखविली. वाटाण्याच्या जागी माणूस, एवढाच फरक. तिकडे अमेरिकेत माया डेरेन या बाईने नवऱ्याच्या साथीने १९४३ साली आपल्याच राहत्या घरात एक चौदा मिनिटांचा चित्रपट केला. एक किल्ली, एक सुरी, एक फूल, एक जिना. खर्च पावणेतीनशे डॉलरच्या आसपास झाला असे सांगतात. जगभर प्रयोगशील चित्रपट शिकविताना आजही तो दाखवितात. या बाईचे म्हणणे असे की, हौशी माणसाजवळ पैसा नसला तरी मोकळीक असते आणि ती त्याने धंदेवाल्याची नक्कल करण्यात घालवू नये. आपल्याकडे 'हौशी' हा शब्द थोडा हिणवून वापरतात, विशेषतः नाटकवाले. पण ज्याला हौस आहे तो भाड्याने आलेला नसतो, हे त्यातले मर्म आहे.

आणखी एक गोष्ट तांत्रिक आहे, पण तीही हिशेबाचीच. पूर्वी थोडक्यात चित्रपट करणारे १६ मिलिमीटरची फिल्म वापरीत. तिचे चारशे फुटांचे रीळ सुमारे अकरा मिनिटे चाले. फिल्म महाग, धुलाई महाग. त्यामुळे कळ दाबण्यापूर्वी माणूस दहा वेळा विचार करी. आज खिशातल्या फोनवर दिवसभर चित्रण करा, एक पैसाही जास्त पडत नाही. हे मोठेच स्वातंत्र्य आहे. परंतु चित्रण करणाऱ्याला जे फुकट झाले ते चित्रणात येणाऱ्याला फुकट झाले आहे काय? आम्ही हा धडा पुस्तकातून शिकलो नाही. घाटात शिकलो. तीच हकीगत आता सांगतो.

कशेडीचा घाट तुम्हां सर्वांच्या माहितीचा आहे. पोलादपूर सोडले, भोगाव मागे पडले की चढण लागते. मुंबई-गोवा रस्त्यावरचा हा घाट ड्रायव्हर लोकांनी शिव्या देतच चढावा असा होता. आम्ही त्या रस्त्यावर अपघातात गेलेल्या ड्रायव्हर-क्लीनरांच्या बायकांना नुकसानभरपाईचे अर्ज लिहून दिले आहेत. त्यामुळे घाटाखालून बोगदा काढला, २०२३ च्या गणपतीत त्याची एक बाजू लहान वाहनांस प्रथम खुली झाली आणि पाऊण तासाचा घाट दहाबारा मिनिटांवर आला, याचा आनंद आमच्याइतका कोणाला झाला नसेल. बोगद्याविरुद्ध आमचे एक अक्षरही नाही.

पण घाट जसजसा ओस पडला तसतशा घाटातल्या टपऱ्याही ओस पडल्या. चहावाले, पंक्चरवाले, मे महिन्यात करवंदांचे द्रोण घेऊन वळणावर उभ्या राहणाऱ्या बाया. यावर एक लघुपट करावा असे आमच्याकडे येणाऱ्या काही तरुणांनी ठरविले. महाडच्या औद्योगिक वसाहतीत कंत्राटावर काम करणारे तिघे, एक कॉलेजातला मुलगा आणि त्यांच्यामागे सल्ला देण्यास आम्ही. सहा रविवार काम चालले. आमच्या सवयीप्रमाणे हिशेब ठेवला, तो असा. फोन उभा करण्याचे तिकाटणे ७५० रुपये, कार्ड ४५०, आवाज घेण्याचा छोटा मायक्रोफोन ९००, चहा-नाश्ता ५४०, एस.टी. व पेट्रोल ३२०. एकूण २,९६० रुपये. आम्हांस फार अभिमान वाटला. तीन हजारांच्या आत चित्रपट!

त्यात मुख्य भाग एका चहाच्या टपरीवाल्या बाईंचा होता. मुले त्यांना मावशी म्हणत, आम्ही वहिनी म्हणतो. त्यांनी तीन तास आमच्याशी बोलून सारी हकीगत सांगितली. बोलता बोलता नवऱ्याची आठवण निघाली आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आले. मुलांनी तीन तासांतले नेमके तेच दोन मिनिटांचे चित्र ठेवले, मागे कोठूनतरी फुकट मिळालेले सारंगीचे सूर लावले, आणि आमच्या कचेरीच्या भिंतीवर पहिला खेळ केला. वहिनींना मुद्दाम बोलावून पुढच्या खुर्चीत बसविले होते. संपल्यावर सगळ्यांनी टाळ्या वाजविल्या. वहिनी गप्प. मग म्हणाल्या, "भाऊ, हे कोणाचं मयत आहे?"

कोणी काही बोलेना. त्याच पुढे म्हणाल्या, "तीस वर्षं धंदा केला मी तिथं. रात्री दोनला उठून गाडीवाल्यांना चहा दिला. त्यातला एक कप तरी दिसतो काय यात? रडले ती दोन मिनिटं तेवढी बरी सापडली तुम्हाला."

खरे सांगतो, इतका लाजिरवाणा प्रसंग आमच्यावर मालकांच्या वाटाघाटींतही आला नव्हता. कारण बाईंचे म्हणणे खरे होते. आम्ही त्यांच्या वतीने त्यांचे दुःख मांडले, पण मागणीपत्र लिहिण्यापूर्वी सभासदांना विचारावयाचे असते, हे विसरलो.

असे आम्हांलाच झाले असे नाही, हे नंतर वाचनात आले. फ्रान्समध्ये बेझाँसों या गावी कृत्रिम धाग्याच्या एका मोठ्या कारखान्यात १९६७ साली संप झाला. क्रिस मार्कर हे नामवंत दिग्दर्शक आपल्या सहकाऱ्यांसह तेथे गेले आणि त्यांनी संपावर अनुबोधपट केला. १९६८ साली तो कामगारांना दाखविला तेव्हा कामगारांनी त्यांना तोंडावर सुनावले की, हे आमचे चित्र नव्हे, हे तुम्हांला दिसलेले चित्र आहे. मार्कर यांचा मोठेपणा असा की, ते रागावून परत गेले नाहीत. त्यांनी व त्यांच्या सोबत्यांनी कामगारांनाच कॅमेरा आणि संकलन शिकविले. १९६९ साली त्या कामगारांनी स्वतःचा चित्रपट पुरा केला. त्यातली मुख्य व्यक्ती घड्याळाच्या कारखान्यात काम करणारी एक स्त्री होती. आपल्या मंडळाला त्यांनी मेदवेदकिन यांचे नाव दिले. १९३२ साली रशियात आगगाडीच्या डब्यातच फिल्म धुण्याची सोय करून, ज्या कामगारांचे चित्रण केले त्यांना ते तेथल्या तेथे दाखवीत फिरणारे ते हे मेदवेदकिन. दाखविण्याचा पहिला हक्क कोणाचा, याचे उत्तर त्या गाडीने देऊन ठेवले होते.

आम्हीही मग दुसरे काही करू शकत नव्हतो. मुलांनी वहिनींना विचारले, "मावशी, तुम्हीच सांगा काय दाखवायचं." त्या म्हणाल्या, "गाड्या मोजा."

याचा अर्थ सांगतो. पूर्वी टपरीवर गर्दी इतकी असे की लिहून ठेवण्यास सवड मिळत नसे. म्हणून एका चहाला एक चिंचोका बिस्किटांच्या रिकाम्या डब्यात टाकावयाचा आणि रात्री चिंचोके मोजून गल्ला जुळवावयाचा, अशी वहिनींची पद्धत होती. तोच डबा त्यांनी काढला. फोन टपरीच्या फळीवर बसविला. समोर डबा, मागे रस्ता. आता चहाला नव्हे, रस्त्याने जाणाऱ्या प्रत्येक गाडीला एक चिंचोका. आठवडाभर रोज त्यांनी स्वतः फोन लावला, स्वतः काढला. त्यातली सलग अकरा मिनिटे, मध्ये कोठेही कात्री न लावता, आमच्या लघुपटात आहेत. सारंगी काढून टाकली. दुरून गाडीची घरघर ऐकू येते, हात वर उचलला जातो, गाडी पुढे निघून जाते, डब्यात टक् असा आवाज होतो. मग काही नाही. पाखरे, वारा, स्टोव्ह. एकदा तर चार मिनिटे काहीच येत नाही. हात चिंचोका धरून तसाच राहतो.

हा चित्रपट आम्ही पाचसहा ठिकाणी दाखविला. लोक प्रथम हसतात. मग चुळबुळ करतात. मग कोणीतरी पुटपुटतो, "येऊ दे रे एखादी." त्या क्षणी तो प्रेक्षक टपरीच्या आत जाऊन बसलेला असतो. वाट पाहणे हे सांगून कळत नाही, ते पाहावे लागते, जसे वाटाण्याचे वाढणे पाहावे लागते. फाळक्यांनी महिना मिनिटात आणला. वहिनींनी मिनिट होते तेवढेच लांब ठेवले. आमच्या मते दोन्ही एकाच जातीचे प्रयोग आहेत.

आता त्या हिशेबाकडे पुन्हा येऊ. दोन हजार नऊशे साठ रुपयांत काय काय धरले नव्हते? तीन कामगारांच्या सहा साप्ताहिक सुट्या. आमचे चित्रण चालू असताना वहिनींनी परत लावलेली गिऱ्हाइके. आणि एक गोष्ट, जिची किंमत करताच येत नाही.

एका ट्रक ड्रायव्हरने आमच्यापुढे बसून मोकळेपणी सांगितले की, त्याला सलग किती तास गाडी हाकावी लागते, झोप येऊ नये म्हणून तो काय करतो आणि वहीत तास कसे लिहिले जातात. बोलणे बिनतोड होते. चेहरा स्वच्छ होता. दोन दिवसांनी रात्री तो कचेरीत आला आणि म्हणाला, "भाऊ, तेवढं काढा. घरी दोन पोरं आहेत." मुलांचा फार विरस झाला. त्यांचे म्हणणे असे की, त्याने आपखुशीने सांगितले आहे, खरे सांगितले आहे आणि चित्रपटातला तोच भाग सर्वांत जोरदार आहे. कॉलेजातला मुलगा तर म्हणाला, सत्य कापावयाचे असेल तर चित्रपट कशाला करता? त्याचा राग आम्हांस समजतो. तो आजही पुरता गेलेला नाही.

आम्ही त्याला एक जुनी पद्धत सांगितली. कारखान्यात तक्रार अर्ज करताना पहिली सही कोणाची हे मालकाला कळू नये म्हणून कामगार कागदावर गोल सह्या करतात. वर्तुळाला पहिला नसतो, शेवटचा नसतो. चित्रपटात अशी गोल सही करता येत नाही. तेथे चेहरा एकटा असतो आणि तो आता एका फोनवरून हजार फोनांवर जातो. ज्याच्यामागे अजून संघटना उभी नाही, त्याचा एकट्याचा चेहरा पुढे करून आपण आपल्या चित्रपटाला जोर आणावयाचा, हा आमच्या दृष्टीने दुसऱ्याच्या पगारातून केलेला खर्च आहे. तो भाग आम्ही काढला. त्या जागी रात्री घाट उतरणाऱ्या गाडीचे दिवे आहेत, बोलणे नाही. चित्रपट त्याने दुबळा झाला, हे आम्ही मान्य करतो.

मग खरे बोलणारा चेहरा पडद्यावर यावयाचाच नाही काय? यावयाचा. कसा येतो, याचे उदाहरण आपल्या मराठी मुलखातच आहे आणि ते फार थोड्यांना ठाऊक आहे. १९८० साली बंगलोरात दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि छायालेखक नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांनी 'युगांतर' नावाचे चित्रपट मंडळ काढले. त्यांचा पहिला लघुपट 'मोलकरीण' १९८१ साली झाला. पुण्यात घरकाम करणाऱ्या स्त्रियांनी काम बंद ठेवून स्वतःची संघटना उभारली, त्याविषयी तो आहे. दुसरा १९८२ सालचा, नाव 'तंबाखू चाकिला ऊब आली'. सीमाभागातल्या निपाणीच्या तंबाखूच्या वखारींत राबणाऱ्या बायांचा तो चित्रपट. दोन्ही १६ मिलिमीटरवर, जेमतेम पंचवीस मिनिटांच्या आसपास.

हे मंडळ निपाणीस गेले ते कॅमेरा काढून उभे राहण्यास नव्हे. त्यांनी काही महिने त्या बायांबरोबर बसण्या-बोलण्यात घालविले. काय दाखवावयाचे, कोणत्या क्रमाने दाखवावयाचे, हे बायांशी बोलून ठरले. आधी घडून गेलेले प्रसंग बायांनी स्वतः पुन्हा करून दाखविले. ल्युमिएर यांचा कॅमेरा जेथे थांबला त्या दाराच्या आत, तंबाखूच्या धुळीत, हा कॅमेरा गेला. आणि बाया पडद्यावर बोलतात त्या एकएकट्या नव्हेत, संघटनेत उभ्या राहिलेल्या बाया म्हणून बोलतात. आधी संघटना झाली, मग चित्रपट आला. गोल सही पडद्यावर करता येते ती अशी. पुढे हे लघुपट कामगार स्त्रियांच्या बैठकांतून दाखविले गेले आणि त्यांवर चर्चा झाल्या. अलीकडे बर्लिन येथील आर्सेनल या चित्रपट-संस्थेने त्यांच्या जुन्या फिती दुरुस्त करून नव्या तंत्राने जतन केल्या आहेत.

हा चित्रपट आम्ही प्रथम पाहिला तेव्हा त्यातले साल पाहून थबकलो. १९८२. आमचे वडील संपावर होते ते वर्ष. निपाणीच्या बायांचे हसणे, भांडणे, हात नाचवून बोलणे आज चाळीस वर्षांनंतर त्यांच्या नातवंडांना पाहता येते. आमच्या वडिलांचा आवाज आमच्या मुलांनी ऐकलेला नाही. यात कोणाचा दोष काढावयाचा नाही. एवढेच की, चार माणसांनी काही महिने दिले तर काय उरते आणि कोणी दिले नाहीत तर काय उरत नाही, हे आम्हांला त्या पंचवीस मिनिटांत समजले.

आज हे काम अवघड राहिलेले नाही. सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरचे नागराज मंजुळे यांनी शिकत असताना 'पिस्तुल्या' हा लघुपट केला. शाळेत जाऊ इच्छिणाऱ्या पारधी मुलाची ती साधी गोष्ट. तिला पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि पुढे काय झाले ते महाराष्ट्र जाणतो. परंतु प्रत्येकाने पुरस्काराकडे डोळे लावावेत असे आम्ही म्हणत नाही. आमचा चित्रपट कोठेही स्पर्धेस गेला नाही. वहिनींनी मोजलेल्या गाड्यांचे आकडे मात्र एका अर्जास जोडले आहेत. बोगद्याच्या तोंडाजवळ टपरीवाल्यांना जागा मिळावी, असा तो अर्ज आहे. अर्ज पोहोचल्याची पावती आहे, उत्तर अजून नाही. चित्रपटाने टपरी मिळते असे आम्ही कोणाला सांगणार नाही. वहिनी सध्या रस्त्याच्या कामावरच्या मजुरांना डबे करून देतात.

आता शेवटी, या सभागृहात बसलेल्या तुम्हां मंडळींकडे आमचे तीन मागण्यांचे छोटेसे मागणीपत्र आहे. ते फेटाळण्याचा अधिकार अर्थातच तुमचा आहे.

पहिली मागणी तरुणांकडे. विषय शोधण्यासाठी दूर जाऊ नका. चालत जाऊन परत येता येईल एवढ्या अंतरावरचा विषय घ्या, म्हणजे तेथे दहा वेळा जाता येईल. पहिल्या खेपेला फोन खिशातच राहू द्या. आणि हिशेबाच्या वहीत दोन रकाने पाडा; एक आपल्या खर्चाचा, दुसरा समोरच्याच्या. दुसरा रकाना कोरा दिसला तर समजा की हिशेब चुकला आहे.

दुसरी मागणी ज्यांचे चित्रण होते त्यांच्याकडे. ते तुम्ही-आम्ही सगळेच आहोत. चित्रण संपल्यावर "आधी आम्हांला दाखवा" हे म्हणण्यास लाजू नका. वहिनी लाजल्या असत्या तर आमचा चित्रपट मयताचाच राहिला असता.

तिसरी मागणी गावाकडे. असे लघुपट पाहण्यास जागा नाही. हातातल्या फोनवर तो एकट्याने पाहिला जातो आणि बोटाने पुढे ढकलला जातो. चिंचोक्याची चार मिनिटे फोनवर कोणी थांबत नाही. चार माणसे शेजारी बसली असली की थांबतात. वर्षातून वसंतात एवढे मोठे सभागृह व्याख्यानांसाठी सजते. त्यातली एक संध्याकाळ, एक पांढरी चादर आणि वीसपंचवीस खुर्च्या या कामासाठी मिळाव्यात. यंत्र आम्ही आणू. चहा वहिनी करतील, पण तो फुकट मिळणार नाही, हे आधीच सांगून ठेवतो. त्यांचा डबा आणि चिंचोके बरोबर असतील.